स्कॉटलंडमध्ये गोल्फ आणि व्हिस्कीची सहल आखताय? या चुका टाळा

अशा सहलीचा पहिला कागद बहुतेकांचा सारखाच असतो. एका बाजूला गोल्फ कोर्स: सेंट अँड्र्यूज, कार्नुस्टी, म्युअरफील्ड, रॉयल डॉर्नॉक; दुसऱ्या बाजूला व्हिस्कीच्या डिस्टिलऱ्या: मॅकॅलन, लॅफ्रॉइग, ग्लेनमोरँजी, स्प्रिंगबँक. मग आठवडाभराच्या रजेत ही सगळी नावं कोंबायला सुरुवात होते आणि तिथेच सहल हातातून निसटते. पाऊस, वारा, महागाई यांना नंतर बोल लावला जातो, पण घोळ घरी बसून केलेल्या त्या कागदातच असतो.

यादी आधी, नकाशा नंतर

सेंट अँड्र्यूजहून स्पेसाइड या व्हिस्कीच्या प्रदेशातल्या क्रेगेलाखीला गाडीने तीन तासांच्या आसपास लागतात, डॉर्नॉकला चारएक तास. आयला बेटावर जायचं तर ग्लासगोहून केनाक्रेगच्या धक्क्यापर्यंत अडीच तास, पुढे फेरीबोटीचे दोनेक तास. बोट चुकली की त्या दिवसाचं सगळं वेळापत्रक कोलमडलं. देश लहान दिसतो, पण उत्तरेकडचे आणि पश्चिमेकडचे रस्ते वळणावळणाचे आहेत. काही इतके अरुंद की समोरून गाडी आली की ‘पासिंग प्लेस’मध्ये थांबून तिला वाट द्यावी लागते. सकाळी 18 होल, दुपारी तीन तास गाडी आणि संध्याकाळी टेस्टिंग असा दिवस कागदावर बसतो, अंगाला झेपत नाही. लिंक्स, म्हणजे समुद्रकिनाऱ्यालगतच्या वालुकामय कोर्सवर 18 होलच्या एका फेरीत सहज दहा किलोमीटर चालणं होतं, तेही वाऱ्याला तोंड देत. बऱ्याच ठिकाणी बगी (कोर्सवर फिरायची छोटी गाडी) मिळतच नाही, किंवा डॉक्टरचा दाखला असेल तरच मिळते.

म्हणून आधी प्रदेश निवडा, नावं मागाहून. चार-पाच रात्री एकाच गावात मुक्काम आणि अर्ध्या तासाच्या अंतरात दोन्ही गोष्टी, असं जिथे जमतं अशा जागा स्कॉटलंडमध्ये आहेत.

माझं मत विचाराल तर पहिला नंबर डॉर्नॉकचा. रॉयल डॉर्नॉकचा चॅम्पियनशिप कोर्स गावाला लागूनच आहे. डॉर्नॉक फर्थवरचा पूल ओलांडला की पलीकडे टेन, तिथे ग्लेनमोरँजी डिस्टिलरी. तिचे स्टिल (ऊर्ध्वपातनाची तांब्याची भांडी) पाच मीटरहून उंच मानेचे आहेत. जड वाफ वरपर्यंत पोचतच नाही, म्हणून तिथलं स्पिरिट हलकं उतरतं. टेनलाच एकोणिसाव्या शतकातला नामवंत गोल्फपटू ओल्ड टॉम मॉरिस याच्या हातचा कोर्स आहे, जवळच एडरटनला बाल्ब्लेअर डिस्टिलरी. उत्तरेला निघालात तर ब्रोरा गावात गोल्फपटू जेम्स ब्रेडने आखलेला कोर्स आणि क्लाइनलिश डिस्टिलरी एकमेकांच्या शेजारी. एवढं सगळं इतक्या जवळ असूनही लोक हा भाग ‘फार लांब पडतो’ म्हणून वगळतात आणि त्याहून जास्त तास महामार्गावर घालवतात.

पश्चिमेला किनटायर द्वीपकल्पाच्या टोकाला मॅक्रिहॅनिश आहे. तिथला पहिला फटका खाली पसरलेल्या किनाऱ्यावरून मारायचा असतो. डावीकडे अटलांटिक आणि पुढे तिरका पसरलेला फेअरवे, म्हणजे होलकडे नेणारी कापलेल्या गवताची पट्टी. जितकी हिंमत तितका कोपरा कापायचा. आठ-नऊ किलोमीटरवर कॅम्बेलटाउन. एकेकाळी या गावात डिस्टिलऱ्यांची रीघ होती, आता स्प्रिंगबँक, ग्लेन स्कोशिया आणि ग्लेनगाइल उरल्या आहेत. स्प्रिंगबँकमध्ये जमिनीवर बार्ली पसरून माल्ट करण्यापासून (म्हणजे तिला मोड आणण्यापासून) बाटली भरण्यापर्यंत सगळं त्याच आवारात होतं. एकच डिस्टिलरी नीट बघायची असेल तर मी हीच सुचवेन. टूरच्या जागा मात्र फार आधी भरतात.

सेंट अँड्र्यूज ज्या भागात आहे त्या फाइफमध्ये पारडं गोल्फकडे झुकतं. किंग्जबार्न्सची डिस्टिलरी 2014 ची, लिंडोर्स ॲबी 2017 ची. तिथे अठरा वर्षं मुरलेली माल्ट व्हिस्की शोधू नका. लिंडोर्सला जायचं कारण वेगळं आहे. 1494 च्या सरकारी हिशेबात जॉन कॉर नावाच्या धर्मबंधूला ‘अ‍ॅक्वा व्हिटी’ (व्हिस्कीचं पूर्वरूप) बनवण्यासाठी आठ बोल (धान्याचं जुनं माप) माल्ट दिल्याची नोंद आहे आणि तिचा संबंध याच मठाशी जोडतात. स्पेसाइडमध्ये बरोबर उलट: पन्नासच्या घरात डिस्टिलऱ्या आणि गोल्फसाठी किनाऱ्यावर लॉसीमथ किंवा नेर्नपर्यंत जावं लागतं. लॉसीमथला हवाई दलाचा तळ कोर्सला खेटून आहे. पटिंग करताना डोक्यावरून लढाऊ विमान गेलं तर दचकू नका. आयलावर डिस्टिलऱ्या भरपूर, पण मोठा लिंक्स कोर्स एकच, द मॅक्री. बरोबरचे सगळे गोल्फवेडे असतील तर दोन दिवसांनी कुरकुर सुरू होईल.

ओल्ड कोर्स ‘मिळेलच’ हे गृहीत धरणं

सेंट अँड्र्यूजचा ओल्ड कोर्स सार्वजनिक आहे, त्यामुळे पैसे भरले की झालं असं अनेकांना वाटतं. आगाऊ ठरलेल्या टी टाइम (खेळ सुरू करायच्या वेळा) सोडल्या तर बाकीच्या ‘बॅलट’मधून, म्हणजे सोडतीतून वाटल्या जातात. खेळायच्या दिवसाच्या दोन दिवस आधी दुपारी दोनच्या आत दोन ते चार जणांची नावं द्यायची, त्याच दिवशी निकाल लागतो. रविवारी कोर्स खेळासाठी बंद असतो. त्या दिवशी तिथे गावकरी कुत्री फिरवतात आणि पर्यटक कोर्सवरच्या जुन्या स्विल्कन पुलावर फोटो काढतात. हॅन्डिकॅपचा, म्हणजे खेळाची पातळी दाखवणाऱ्या आकड्याचा पुरावा लागतो. नुकतीच बॅट सोडून गोल्फस्टिक धरलेल्यांसाठी ही जागा नव्हे. एकट्या खेळाडूसाठी वेगळी सोय आहे, पण तिचे नियम बदलत असल्याने निघण्यापूर्वी तपासा.

इथे चूक होते ती अशी: सोडतीसाठी फक्त एक दिवस राखला जातो आणि तोही रविवारच्या आसपासचा. दोन-तीन दिवस रोज नाव द्या आणि त्या दिवशी दुसऱ्या कोर्सची टी टाइम हाताशी ठेवा. नाव लागलं नाही तर रडत बसायचं कारण नाही. न्यू कोर्स (नाव नवं असलं तरी 1895 चा), जुबिली, ईडन आणि कॅसल कोर्स हे ओल्ड कोर्स चालवणाऱ्या संस्थेचेच आहेत, आणि न्यू कोर्स अनेक जाणकारांना जास्त न्याय्य वाटतो. आपण पैसेही वाचवले असा हिशेब मनाला बरा वाटतो!

म्युअरफील्डसारख्या खासगी क्लबात पाहुण्यांना ठरावीक वारीच घेतात, म्हणून वार पाहूनच विमानाचं तिकीट काढा. ऑक्टोबरच्या सुरुवातीला डनहिल लिंक्स स्पर्धा सेंट अँड्र्यूज, कार्नुस्टी आणि किंग्जबार्न्स या तिन्ही ठिकाणी असते. 2027 ची द ओपन ही मोठी स्पर्धाही सेंट अँड्र्यूजलाच आहे; तेव्हाच्या तारखा टाळा. नोव्हेंबर ते मार्च या काळात ओल्ड कोर्सच्या फेअरवेवर चटईवर चेंडू ठेवून फटका मारावा लागतो. स्वस्तात मिळतंय म्हणून धावत सुटण्याआधी हे माहीत असू द्या.

व्हिस्कीलाही हंगाम असतो. एप्रिलअखेर-मेच्या सुरुवातीला स्पिरिट ऑफ स्पेसाइड आणि मेअखेरीस आयलाचा फेश ईला असे दोन मोठे उत्सव असतात. तेव्हा खोल्या आणि आयलाची फेरीबोट दोन्ही फार आधी भरतात. उलट उन्हाळ्यात बऱ्याच डिस्टिलऱ्या दुरुस्तीसाठी काही आठवडे उत्पादन थांबवतात. टूर चालू असते, पण स्टिल गार पडलेले असतात. कढत तांबं आणि वाफेचा वास हवा असेल तर बुकिंग करताना ‘त्या आठवड्यात स्टिल चालू आहेत का’ एवढं विचारून घ्या.

टेस्टिंगनंतर गाडी, आणि दुसऱ्या दिवशी सकाळीही

हा मुद्दा थट्टेवारी नेऊ नका. स्कॉटलंडमध्ये डिसेंबर 2014 पासून मर्यादा 100 मिलिलिटर रक्तात 50 मिलिग्रॅम अल्कोहोल अशी आहे. इंग्लंडमध्ये 80 आहे. सापडलात तर पहिल्या खेपेलाच किमान वर्षभर गाडी चालवण्यावर बंदी येते.

संध्याकाळची कारबंदी सगळ्यांच्या लक्षात राहते, सकाळ सुटते. हिशेब साधा आहे. 55 टक्के कास्क स्ट्रेंथचे (पिंपातून पाणी न मिसळता काढलेल्या व्हिस्कीचे) 15 मिलिलिटरचे पाच ड्रॅम, म्हणजे छोटे पेग, यांत सुमारे 41 मिलिलिटर शुद्ध अल्कोहोल, ब्रिटिश मोजमापात चार युनिट. त्यावर जेवताना बिअरचा एक पाइंट आणि झोपण्यापूर्वी पबमध्ये आणखी दोन ड्रॅम घेतले की आकडा नऊ युनिटच्या आसपास जातो. शरीर ढोबळमानाने तासाला एक युनिट बाहेर टाकतं. माणसामाणसात फरक पडतो, आणि कॉफी किंवा गार पाण्याच्या अंघोळीने तो वेग वाढत नाही. रात्री अकराला पबमधून उठलात तर सातच्या टी टाइमला स्वतः गाडी हाकत जाणं म्हणजे जाणूनबुजून धोका पत्करणं.

मार्ग आहेत. चालक असलेली गाडी दिवसभरासाठी ठरवा. चौघांत विभागली की परवडते. बहुतेक डिस्टिलऱ्या चालकाला त्याचे ड्रॅम छोट्या बाटल्यांत भरून देतात, फक्त आधी सांगायचं. आयलावर पोर्ट एलनहून लॅफ्रॉइग, लागावुलिन आणि आर्डबेगपर्यंत पायवाटच आखलेली आहे, पाच-सहा किलोमीटरची. एडिंबराहून नॉर्थ बेरिकला ट्रेन अर्ध्या तासात पोचवते आणि वेस्ट लिंक्सचा पहिला टी स्टेशनपासून चालत जाण्याइतका जवळ आहे.

क्रम उलटा लावणं

आधी गोल्फ, मग व्हिस्की. सकाळची फेरी संपवून, जेवून, तीन-चार वाजता टूर, असा दिवस सर्वांत सुखाचा. दोन ड्रॅमनंतर स्विंग मोकळा होतो ही समजूत चौथ्या होलवर चेंडू शोधताना गळून पडते. टी टाइम दुपारचीच मिळाली तर सकाळी डिस्टिलरी फक्त बघा, वाट्याचे ड्रॅम बरोबर घ्या आणि रात्री खोलीवर उघडा. जूनमध्ये दहापर्यंत उजेड असतो, त्यामुळे चारची टी टाइमही पुरते आणि बऱ्याचदा संध्याकाळचा दर कमीही असतो.

एका दिवसात तीन डिस्टिलऱ्या करू नका. दोनच पुष्कळ. तिसऱ्या ठिकाणी नाक थकलेलं असतं, आणि माल्ट दळणं, मॅशटन, वॉशबॅक, स्टिल हा क्रम तुम्हाला गाइडपेक्षा आधी पाठ झालेला असतो.

टेस्टिंगच्या टेबलावर गोल्फरांची एक खास अडचण असते. हातांना सनस्क्रीन आणि चामडी ग्लव्हचा वास चिकटलेला असतो. ग्लास नाकाशी नेला की व्हिस्कीच्या आधी तोच येतो. उग्र साबण टाळून हात नीट धुवा. मग ग्लास हनुवटीजवळ धरा, तोंड किंचित उघडं ठेवा आणि सावकाश वर न्या. थेट नाक खुपसून जोरात श्वास घेतलात तर अल्कोहोलची झिणझिणी येते आणि पुढची पाच मिनिटं काहीच कळत नाही. पहिला घोट नुसता, मग पाण्याचे दोन-चार थेंब टाकून पुन्हा वास घ्या. कास्क स्ट्रेंथमध्ये फरक लगेच जाणवतो. पाणी घातलं तर कमीपणा येतो असं मानणारे लोक भेटतात. व्हिस्कींचं मिश्रण ठरवणारी ब्लेंडर मंडळी स्वतः पाणी घालूनच नमुने तपासतात. धुरकट, पीटवाले (दलदलीतल्या जळाऊ मातीच्या धुराचा वास असलेले) माल्ट शेवटी घ्या. ते आधी घेतलेत तर त्यानंतरचा हलका ड्रॅम नुसतं गोड पाणी वाटेल.

तरीही बिनसलंच तर

गोल्फचे क्लब (स्टिक) विमानाबरोबर पोचले नाहीत? ही नेहमीची गोष्ट आहे. उतरल्याच्या दिवशी महत्त्वाची फेरी ठेवू नका, बूट हातसामानात ठेवा. मोठ्या कोर्सवर भाड्याने चांगले सेट मिळतात, पण डावखुऱ्यांनी आधी फोन करावा.

वाऱ्यामुळे आयलाची फेरीबोट रद्द झाली तर धक्क्यावर ताटकळत बसण्यापेक्षा केनाक्रेगहून पाऊणएक तासात कॅम्बेलटाउन गाठा. म्हणूनच आयलाची आखणी सहलीच्या सुरुवातीला करा, परतीच्या विमानाच्या आदल्या दिवशी कधीच नको.

नुसता पाऊस असेल तर खेळ चालूच असतो. छत्री वाऱ्यात टिकत नाही; पावसाळी पँट आणि ओल्या हाताला पकड देणारे ग्लव्ह घ्या. पश्चिमेकडे उन्हाळ्यात वारा पडला की मिज नावाचे बारीक चावरे कीटक झुंडीने येतात, तेव्हा त्यांच्यावरचं मलम बॅगेत असावं. तेही टेस्टिंगपूर्वी हातावरून धुऊन टाका.

बरोबर कुणी न खेळणारं किंवा न पिणारं असेल तर त्यांना विचारल्याशिवाय आखणी पक्की करू नका. क्रेगेलाखीच्या स्पेसाइड कूपरेजमध्ये पिंप बांधणारे कारागीर काम करताना बघणं न पिणाऱ्यालाही आवडतं. गोल्फच्या पाच तासांसाठी मात्र त्यांचा वेगळा बेत हवाच. क्लबहाउसमधलं सूप त्याला पुरत नाही.

बाटल्या घेताना दोन गोष्टी पाहा. स्कॉटलंडमध्ये दुकानांतून दारूची विक्री सकाळी 10 ते रात्री 10 एवढीच चालते, तेव्हा पहाटेच्या विमानाआधी घेऊ म्हणाल तर फसाल. आणि विमानात चेक-इन सामानातून 24 ते 70 टक्के अल्कोहोलची पेयं माणशी 5 लिटरपर्यंतच, तीही सीलबंद नेता येतात. भारतात उतरताना करमाफी 2 लिटरपर्यंतच आहे. गोल्फबॅगेत क्लबांच्या मध्ये बाटली खोचण्याचा मोह आवरा. बाटल्या सुटकेसच्या मधोमध, पावसाळी कपड्यांत गुंडाळून ठेवा.