ग्लेझला नावं ठेवण्याआधी माती गाळा

भट्टी उघडल्यावर भांडं बिघडलेलं दिसलं की सगळे आधी ग्लेझला, म्हणजे भांड्यावरच्या काचेसारख्या लेपाला, नावं ठेवतात. पण माझ्या भट्टीत तरी खोड बहुतेक वेळा आधीच लागलेली असते, मातीत नाहीतर वाळवणात.

आपल्या खानदेशात सगळ्यात मोठा दगा चुनखडीचा. काळ्या रानात नांगर फिरला की पांढरे खडे वर येतात, तेच. ते बारीक होऊन मातीत राहिले, तर साधारण ८५० अंशांच्या पुढे त्यांचा कळीचा चुना होतो. भांडं बाहेर येतं तेव्हा दृष्ट लागेल असं असतं. मग चुना हवेतला ओलावा ओढतो, फुगतो आणि वरचा पापुद्रा ग्लेझसकट उडवतो. एकदा आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आधी मी घरच्यांसाठी बारा कप केले. उन्हाळा निभावला. मृगाचा पाऊस पडला आणि आठवडाभरात सात कपांवर नखाएवढे खड्डे पडले, प्रत्येकाच्या तळाशी एक पांढरा ठिपका. हा ठिपका दिसला की ग्लेझ बदलत बसू नका.

सुक्या मातीच्या ढेकळावर व्हिनेगर टाका. फसफसलं तर चुना आहे. माती पातळ कालवून ८० मेशच्या, म्हणजे इंचाला ८० भोकं असलेल्या चाळणीतून गाळायची, दुसरा खात्रीचा मार्ग नाही. ग्लेझ लावण्याआधीची पहिली भाजणी झालेली भांडी पाण्यात बुडवून ठेवली तर चुना विरून थोडा नरम पडतो, पण ही मलमपट्टी झाली.

दुसरी चूक आपल्या उन्हाची. मे महिन्यात ४४-४५ अंशांत कपाचा कान तासाभरात सुकतो, कप ओलाच राहतो आणि जोडावर चीर जाते. ओलं गोणपाट झाकून सावलीत वाळवा. वरून कोरडं दिसलं म्हणून भट्टीचा वेग वाढवू नका. मी भट्टीच्या भोकासमोर क्षणभर थंड आरसा धरते. वाफ धरली तर पाणी अजून निघतंय, म्हणजे १०० अंशांच्या खालीच थांबायचं. नाहीतर भांडं फुटतं आणि शेजारच्या चार भांड्यांनाही घेऊन जातं.

ग्लेझ गोळा होऊन मधे उघडी माती दिसते, तेव्हा बहुधा धूळ किंवा हाताचं तेल कारण असतं. इथल्या फुफाट्यात तर रोजचंच. ओल्या स्पंजाने पुसा. ग्लेझ दाट नको, सायीच्या दुधाइतकं पुरे, आणि तळाला तीनेक मिलिमीटर कोरं सोडा, नाहीतर भांडं भट्टीतल्या शेल्फला चिकटतं.

बाहेरून मागवलेलं १२०० अंशांचं ग्लेझ आपल्या लाल मातीवर लावू नका. तितक्या उष्णतेत ही माती फुगते, वाकते. तिला १००० ते १०५० अंशांत वितळणारं, शिसं नसलेलं ग्लेझ लागतं.

भट्टी उघडायची घाई मात्र सगळ्यांनाच असते, मलाही. १०० अंशांच्या खाली येईपर्यंत झाकण उचलू नये. गार वारा लागला की भांडी टिकटिक वाजायला लागतात, ग्लेझवर केसासारख्या रेषा उमटतात. थंड होऊन कपाटात गेल्यावरही रेषा येत राहिल्या तर माती आणि ग्लेझचं जमत नाहीये. ग्लेझमध्ये थोडी सिलिका (गारेची बारीक पूड) वाढवून बघा. अशा वाडग्यात शेवभाजी वाढू नका. तर्रीचा लाल रंग त्या रेषांत एकदा शिरला की घासून निघत नाही.