तरणा पाऊस, म्हातारा पाऊस आणि घरातलं धुणं: कपडे वाळवायचा स्टँड कसा निवडावा

बेळगावात जुलै महिन्यात कुणाच्याही घरी जा, सोप्यात पाऊल टाकलं की आधी ओली चादर तोंडाला लागते. पुनर्वसू नक्षत्राचा तरणा पाऊस सरला की पुष्याचा म्हातारा येतो, आणि दोघांच्या मधे उघडीप म्हणून नाही. आमच्या जुन्या घरात माडीवर वाशांना टांगलेली वेळूची वलणी होती. सासूबाई काठीच्या टोकावर लुगडं घेऊन वर टाकायच्या आणि काठीनेच पसरायच्या. घर पाडून स्लॅब घातला, वलणी गेली आणि तिच्या जागी दुकानातला स्टँड आला.

पहिला स्टँड घेताना मी फसले. तीन मजली, चाकांचा, दिसायला देखणा. दुसऱ्याच पावसाळ्यात वर सोलापुरी चादर टाकली आणि वरचा मजला खालच्या दोन्हींना घेऊन बसला. पाइप सगळे शाबूत होते. मोडला होता कोपऱ्यातला प्लास्टिकचा जोड, सुपारीएवढा. त्यानंतर आमच्याकडे आणि नात्यात मिळून चार-पाच स्टँड घेऊन झालेत. ते कसे बघून घेतले ते सांगते.

आधी धुणं मोजा

दुकानात गेल्यावर दांड्या किती ते सांगतात. आपल्याला हवी दांड्यांची लांबी. चार माणसांच्या घरातलं एका दिवसाचं धुणं धरा: चार शर्ट, प्रत्येकी अर्धा मीटर, म्हणजे 2 मीटर. दोन पँटी, 80 सेंटीमीटर. दोन टॉवेल, दीड मीटर. परकर, झंपर, बनियन वगैरे 2 मीटर. राहिली साडी. साडेपाच मीटरची साडी एका दांडीवर टाकली तर जमिनीवर लोळते, म्हणून ती लाटांसारखी तीन दांड्यांवरून न्यावी लागते. पन्ना सव्वा मीटरच्या आतबाहेर, म्हणजे साडीलाच साडेतीन मीटर गेले. बेरीज दहाच्या जवळ जाते. नऊवारी नेसणारं कुणी असेल तर आणखी दोन दांड्या.

आता खरी गोम. पावसाळ्यात कालचं धुणं वाळायच्या आत आजचं येतं. म्हणजे दहा नव्हे, वीस मीटर लागतात. आणि खोक्यावर जी लांबी छापलेली असते ती सगळ्या दांड्यांची बेरीज असते. त्या दांड्या इतक्या जवळ असतात की सगळ्यांवर कपडे टाकले तर ओल्याला ओलं चिकटतं. एक सोडून एक दांडी वापरावी लागते, तेव्हा छापलेल्या वीसचे कामाचे दहाच. शर्ट हँगरला लावून टांगले तर जागा बरीच वाचते, हे हिशेबात धरायला हरकत नाही.

गावानुसारही गरज बदलते. कणकुंबी, जांबोटी, खानापूरच्या पश्चिमेकडे पाऊस नुसता कोसळतो. तिथे हा हिशेब कमीच पडेल. अथणीकडे वर्षातले बरेच महिने अंगणातली दोरी पुरते, तिथे मोठा स्टँड म्हणजे अडगळ.

जागा बघताना हवा बघा

हे मला फार उशिरा कळलं. 6 किलो धुणं मशीनमध्ये पिळून काढलं तरी त्यात साधारण 3 लिटर पाणी राहतं. ते कुठे जाणार? खोलीतल्या हवेत. आता 10 बाय 12 ची, 10 फूट उंचीची खोली घ्या. 25 अंश तापमानाला त्या खोलीतली हवा, अगदी कोरडी ठणठणीत असती तरी, पाऊण लिटरच्या आसपास पाणी घेऊन तुडुंब भरते. पावसाळ्यात तर ती आधीच बरीचशी भरलेली असते. म्हणजे दार-खिडकी लावून बसलात तर कपडे वाळणारच नाहीत, कितीही महागाचा स्टँड आणा. वर भिंतीला बुरशी धरेल ती वेगळी, आणि घरात कुणाला दमा असेल तर त्याचे हाल.

म्हणून मोजपट्टी घेऊन फिरण्याआधी अशी जागा शोधा जिथे एका बाजूने हवा येते आणि दुसऱ्या बाजूने जाते. आपल्याकडे पावसाचा मारा पश्चिमेकडून असतो, तेव्हा ती खिडकी बंद ठेवून पूर्वेची उघडी ठेवता येते. शहापूर, वडगावकडच्या लांबट घरांत मधली खोली अंधारी असते. तिथे स्टँड ठेवण्याचा मोह होतो, कारण पाहुण्यांना दिसत नाही. तिथे नको. अजून कौलारू घर असेल तर काचेच्या कौलाखालची जागा पहिली. पाऊस जरा थांबला की तिथे उजेडाबरोबर थोडी ऊबही येते.

पूर्वी शेगडीवर डालगं पालथं घालून बाळाची दुपटी वाळवायचे, ते कौलांच्या फटींतून धूर जायचा म्हणून चालायचं. स्लॅबच्या बंद खोलीत कोळशाची शेगडी कधीही ठेवू नका. त्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला ना रंग ना वास, झोपेतच जीव जातो.

तीन प्रकार आणि माझं मत

स्लॅबचं स्वतःचं घर असेल तर छताला लावायचा, दोरीने खाली-वर होणारा हँगर घ्या. ही आपली वलणीच, फक्त काठीच्या जागी पुली. सहा फुटी सहा पाइप म्हणजे 36 फूट, जवळजवळ 11 मीटर, आणि जमिनीवरची एक फरशीही अडत नाही. गरम हवा वर जाते, त्यामुळे वरचे कपडे लवकर वाळतात. प्रत्येक पाइप वेगळा खाली येणारा घ्या. सगळे एकदम ओढायचे असले तर म्हाताऱ्या माणसाचा खांदा जातो. बसवताना दोन गोष्टी सांभाळा. पीओपीचं छत असेल तर स्क्रू पीओपीत नको, वरच्या स्लॅबमध्ये गेला पाहिजे. आणि पंख्याच्या पात्यापासून लांब. वाऱ्याने साडीचा पदर उडून पात्यात जातो, मग साडीही जाते आणि पंखाही.

भाड्याच्या घरात भोकं पाडू देत नाहीत. तिथे दोन पंखांचा, जमिनीवर उभा राहणारा घडीचा स्टँड बरा. पूर्ण उघडल्यावर तो दारातून जाईल का हे घरचं दार मोजून मगच ठरवा. तीन मजली टॉवरबद्दल मला काही चांगलं बोलवत नाही. वरच्या मजल्याचं पाणी खालच्यावर ठिबकतं, आणि लांब कपड्यांना जागाच नसते. लहान बाळाचे कपडे असतील तर एक वेळ ठीक.

भिंतीवरचा, ओढला की पुढे येणारा स्टँड न्हाणीबाहेरच्या बोळाला चांगला. भिंत मातीची असेल तर मात्र विचारच सोडा. प्लग धरत नाही, ओल्या टॉवेलांसकट सगळं खाली येतं.

चुंबकावर विसंबू नका

गणपत गल्लीत एका दुकानदाराने मुलाला हाक मारली, "ए, बट्टे स्टँड तगोंड बा." (कानडीत, कपड्यांचा स्टँड घेऊन ये.) मग माझ्याकडे वळून, "वहिनी, हे घेऊन जावा. चुंबक लावून बघा, चिकटत नाही. एक नंबर स्टील हाय." चुंबक खरंच चिकटला नाही. पण त्यावरून एवढंच कळतं की हे लोखंड नव्हे. 304 नंबरचं चांगलं स्टील चुंबकाला चिकटत नाही, तसं 202 नंबरचं स्वस्त स्टीलही चिकटत नाही, आणि ओलीत ते आधी गंजतं. म्हणून बिलावर 304 लिहून मागा. लिहायला कां कू केली तर समजून घ्या.

पावडर कोटिंगचं लोखंड वाईट नसतं, कोटिंग टिकेपर्यंत. एकदा टवका उडाला की गंजाचा डाग नेमका पांढऱ्या सदऱ्यावर उमटतो. (लिंबू-मीठ चोळून उन्हात ठेवला तर निघतो, पण ऊन आणायचं कुठून?) पाइपची टोकं टोपणाने बंद आहेत का तेही बघा, उघड्या टोकातून पाणी आत जाऊन पाइप आतून सडतो. दांडी जाड असलेली बरी. जाड दांडीवर कपड्याच्या दोन बाजू एकमेकींना चिकटत नाहीत.

आता जोड. स्टँड उघडायला सांगा, वरच्या दांडीच्या मधोमध दोन्ही हातांनी दाबा आणि आडवा हलवा. कुरकुरला, डुलला तर नको. चाकं असतील तर निदान दोन चाकांना ब्रेक हवा. तीनदा उघडून मिटून बघा, बोट कुठे चिमटतं का तेही. दुकानदार वैतागला तर वैतागू दे.

घरी आणल्यावर

टांगायच्या आधी धुणं ड्रायरमध्ये दुसऱ्यांदा फिरवा. पिळून जे पाणी मोरीत गेलं ते हवेत जायचं वाचलं. जाड कपडे कडेला, पातळ मधे. टेबल फॅन कपड्यांच्या समोर न ठेवता बाजूला ठेवा, म्हणजे वारा रांगांच्या मधल्या फटींतून जाईल. समोरून लावला तर पहिली चादरच सगळा वारा अडवते. स्टँड गॅसच्या शेगडीजवळ नको, भिंतीलाही चिकटवू नका.

कपडा जितका वेळ ओला राहील तितका तो कुबट वास मारणार, कारण धुऊनही राहिलेले जिवाणू ओलीतच वाढतात. त्यावर सुगंधी पाणी ओतून काही होत नाही. संध्याकाळपर्यंत दमट राहिलेले कपडे उलटे करून पुन्हा टांगा. कपाटात ठेवायच्या आधी पँटीच्या मागच्या खिशात हात घाला, शर्टाची कॉलर गालाला लावून बघा. गार लागली तर अजून वाळलेली नाही.