उशिरा हाती आलेला कागद दाव्यात दाखल करायचा असेल तर

जागेच्या दाव्यात ही वेळ हमखास येते. मुद्दे (कोर्टाने ठरवलेले वादाचे प्रश्न) निघालेले असतात, वादीचा उलटतपास निम्म्यावर आलेला असतो आणि तेव्हाच आजोबांच्या खरेदीखताचा माग लागतो. पक्षकार धावत वकिलाकडे येतो, "हे लगेच लावून टाका." पण कागदात काय आहे हे बघण्याआधी कोर्ट विचारतं, आजवर हा होता कुठे? अर्जाचा सगळा जीव या उत्तरात असतो.

म्हणून सुरुवात तारखांपासून करा. कागद कुणाच्या ताब्यात होता, कधी कळलं, नकलेसाठी अर्ज कधी केला, नक्कल कधी मिळाली, हे एका पानावर लिहा. फीची पावती, अर्जाची पोच, नकलेवरचा शिक्का जपून ठेवा. "नजरचुकीने दाखल करायचे राहून गेले" या वाक्याने काहीच साधत नाही. त्याऐवजी असं लिहिता आलं तर बघा: "मूळ खरेदीखत थोरल्या चुलत्यांकडे होते. १२ मार्चला त्यांच्या कपाटात दस्त क्रमांकाची चिठ्ठी सापडली. १४ मार्चला दुय्यम निबंधक कार्यालयात नकलेसाठी अर्ज केला, २ एप्रिलला नक्कल मिळाली, पुढच्याच तारखेला हा अर्ज दिला." कागद आधीपासून माहीत असेल तर तसंच सांगा आणि का आणता आला नाही ते सांगा. शपथेवर लिहिलेलं खोटं उलटतपासात टिकत नाही आणि मग खरा कागदही संशयात सापडतो.

मग दावा किंवा कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) पुन्हा वाचा. कागद जे सांगतो त्याचा पाया तिथे आहे का? दाव्यात फक्त वाटणीची कहाणी असेल आणि आता मृत्युपत्र आणायचं असेल, तर नुसता कागद दाखल करून भागणार नाही. आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६ नियम १७ खाली दाव्यात दुरुस्ती मागावी लागेल, आणि सुनावणी सुरू झाली असेल तर पुरेशी काळजी घेऊनही हे आधी मांडता आलं नसतं, हे पटवावं लागेल.

आता योग्य तरतूद. वादीसाठी याच संहितेचा आदेश ७ नियम १४(३), प्रतिवादीसाठी आदेश ८ नियम १-अ(३). साक्षीदारांची यादी मुद्दे निघाल्यापासून १५ दिवसांत द्यायची असते. त्यात नसलेलं नाव आणायचं तर आदेश १६ नियम १(३). तुमचा पुरावा बंद झाला असेल तर तो पुन्हा उघडण्यासाठी कलम १५१, म्हणजे कोर्टाचा अंगभूत अधिकार, आणि साक्षीदार परत बोलवायचा असेल तर आदेश १८ नियम १७. उशिराच्या पुराव्यासाठी असलेला नियम १७-अ १ जुलै २००२ पासून वगळला गेला. पण कोर्टाचा अंगभूत अधिकार त्यामुळे गेलेला नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सेलम अॅडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात सांगितलं. हा अधिकार पुराव्यातल्या उणिवा मागाहून बुजवण्यासाठी मात्र नाही.

कागद फक्त समोरच्याच्या उलटतपासात दाखवायचा असेल तर तो आधी दाखल न करताही थेट त्याच्यासमोर ठेवता येतो. तो साक्षीदार असो की स्वतः पक्षकार, दोघांनाही हे लागू आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये स्पष्ट केलं. ही वाट बरेच जण विसरतात.

अर्जासोबत शपथपत्र, कागदयादी आणि समोरच्यासाठी प्रती द्या. समोरच्याचं म्हणणं आलं की सुनावणी होते. कागदाला उत्तर द्यायची आणि उलटतपासाची पूर्ण संधी त्याला मिळावी, कोर्ट ठरवेल तो खर्चही देऊ, हे आपणहून लिहावं. उशीर झाल्याने समोरच्याचं नुकसान होईल, या हरकतीला यापेक्षा चांगलं उत्तर मला माहीत नाही. विलंबाचं कारण पटण्याजोगं असेल तर अशा अर्जांकडे उदारपणे पाहावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये जमिनीच्याच एका दाव्यात म्हटलं आहे.

अर्ज मंजूर झाला म्हणजे कागद सिद्ध झाला, असं समजू नका. तो फक्त रेकॉर्डवर आला. मूळ खरेदीखत हरवलं असेल तर ते कसं हरवलं याचा पुरावा देऊन मगच नक्कल दुय्यम पुरावा म्हणून वाचता येते. जुन्या साक्ष्य कायद्यात हे कलम ६५ होतं, १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम ६० आहे. मुद्रांक कमी असेल तर तो दंडासह भरावा लागतो. ज्याची नोंदणी सक्तीची आहे असा दस्त नोंदवलेलाच नसेल तर त्यावरून मालकी सिद्ध होत नाही. सातबारा आणि फेरफारातल्या नोंदी उलट सिद्ध होईपर्यंत खऱ्या धरल्या जातात, पण त्यांनी मालकी मिळत नाही. मोबाईलमधला फोटो किंवा रेकॉर्डिंग असेल तर त्यासोबत कायद्याने सांगितलेलं प्रमाणपत्र हवं.

अर्ज फेटाळला गेला तर उच्च न्यायालयात संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली याचिका करता येते. निकाल विरोधात गेला तर अपिलात आदेश ४१ नियम २७ आहे. खालच्या कोर्टाने घ्यायला हवा होता तो पुरावा नाकारला, किंवा पुरेशी काळजी घेऊनही तो आधी मिळाला नाही, असं दाखवता आलं तर अपील कोर्ट तो घेऊ शकतं. अपिलातला हा अर्ज साधारणपणे अपिलाच्या अंतिम सुनावणीबरोबरच ऐकला जातो. त्यासाठी फेटाळलेला अर्ज, समोरच्याचं म्हणणं आणि त्यावरचा आदेश यांच्या प्रमाणित नकला लगेच काढून ठेवा.