काळ फिरवणारी मंत्रभाषा रचताय? या चुका टाळा

फॅन्टसी लिहिणाऱ्यांच्या वहीत एक पान हमखास सापडतं: काळ मागेपुढे करणाऱ्या मंत्रभाषेचं. वर देखणी लिपी, खाली दहा-बारा भारदस्त शब्द, आणि व्याकरणाच्या नावाने शून्य. चौथ्या प्रकरणात नायक मंत्र पुटपुटतो, काळ थांबतो आणि पुढे त्याला कशाचीच भीती उरत नाही. माझ्या दोन कथा अशाच बसल्या. तेव्हा हे अनुभवाचे बोल समजा.

मराठीलाच मुखवटा चढवणे

सगळ्यात मोठी चूक हीच. शब्द नवे, पण आत आपलेच भूत, वर्तमान, भविष्य. काळावर सत्ता असलेल्या लोकांना तीन खण कसे पुरतील? पाणिनीकडे बघा. घडून गेलेल्या गोष्टीसाठी त्याच्याकडे तीन लकार, म्हणजे क्रियापदाचे काळ आहेत: सर्वसाधारण भूतकाळाला लुङ्, आजच्या आधी घडलेल्याला लङ्, आणि त्यातही बोलणाऱ्याने डोळ्यांनी न पाहिलेल्याला लिट्. हा शेवटचा फरक उचला आणि नियम करा, की कोणी न पाहिलेला भूतकाळच मंत्राने बदलता येतो. लगेच खलनायकाला काम मिळतं. गुन्हा पक्का करायचा तर त्याला साक्षीदार जमवावे लागतील! व्याकरणाच्या एका नियमातून अख्खं कथानक निघतं ते असं.

घरच्या भाषेतही माल कमी नाही. 'आलोच!' म्हणणारा अजून जागचा हललेलाही नसतो, तरी क्रियापद भूतकाळी. 'परवा' तर दोन्ही दिशांना जातो. परवा गेलो की परवा जाईन, हे क्रियापद आल्यावरच कळतं. आता शिकाऊ मांत्रिकाला 'परवा' म्हटल्यावर ठसका लागला तर? नवी भाषा रचताना अशी संदिग्धता लोक आधी घासून काढतात. मी म्हणेन, मुद्दाम ठेवा.

उलटं म्हटलं की उलटं घडतं

ही युक्ती सगळ्यांना सुचते आणि बहुतेकांची फसते. 'रामाला भाला मारा' अक्षरांनी उलटंसुलटं सारखंच. पण ते रेकॉर्ड करून उलटं वाजवा. 'रा'मधला आकार आधी येतो, र नंतर. 'भा'मधला हकार तर पार विस्कटतो. म्हणजे अक्षरं उलटवणं आणि ध्वनी उलटवणं या दोन वेगळ्या विद्या झाल्या. तुमचा मंत्र लिहून चालतो की बोलून, ते आधी ठरवा. लिहून चालत असेल तर देवनागरीतली ऱ्हस्व वेलांटी आठवा: ती व्यंजनाच्या आधी लिहितात आणि नंतर उच्चारतात. काळाशी खेळणाऱ्या लिपीला यापेक्षा चांगलं चिन्ह मिळायचं नाही.

काळ थांबला, मंत्र चालूच

आवाज म्हणजे हवेतली कंपनं. काळ गोठला की हवाही गोठली, मग मंत्राचा उरलेला भाग पोचणार कसा? उपाय सोपा आहे: थांबवणारा शब्द सगळ्यात शेवटी ठेवा, आणि काळ पुन्हा सुरू कधी व्हायचा हे त्याच्या आधीच सांगून टाका.

हद्द न घालणे

समजा 'थेल' म्हणजे दिवा, 'नेर' म्हणजे विझणं आणि '-ओश' म्हणजे 'हे उलटं होवो'. शिष्य म्हणतो, 'थेल नेरोश.' दिवा पेटतो, छान. पण या दिव्यात विझण्याआधीचं तेलही परत येतं का? हा दिवा काल रात्रीही विझला होता, मग ते विझणंही उलटलं का? तसं असेल तर आज सकाळी तो पेटवला कोणी? '-पासून' आणि '-पर्यंत' सांगणारे प्रत्यय नसतील तर वाचक तिसऱ्या पानावर हेच प्रश्न विचारतो, आणि लेखकाला पळवाटा शोधाव्या लागतात.

मोजमापाचंही तेच. प्राचीन मांत्रिकाच्या तोंडी 'सेकंद' नको. आपल्याकडे घटिका 24 मिनिटांची आणि पळ 24 सेकंदांचं. तुमच्या जगात चंद्र दोन असतील तर मापंही त्यांच्यावरून काढा.

चुकला की स्फोट

चुकीचा उच्चार झाला की धूर आणि ठिणग्या, हा आळस आहे. त्वष्टा या वैदिक देवाची कथा घ्या. इंद्राला मारणारा पुत्र हवा म्हणून त्याने यज्ञात 'इन्द्रशत्रु' शब्द वापरला. स्वर, म्हणजे उच्चारातला जोर, शेवटच्या अक्षरावर हवा होता, पडला पहिल्या पदावर. अर्थ झाला 'इंद्र ज्याचा मारेकरी आहे तो', आणि तो पुत्र, वृत्र, इंद्राच्याच हातून मेला. मंत्र अगदी बरोबर फळला, फक्त जे म्हटलं गेलं तेच घडलं.

आपल्या शिष्यालाही हेच लावा. त्याने घाईत 'नेरोश'चा ओकार आखूड केला आणि '-उश' म्हणजे 'पुन्हा पुन्हा होवो' असेल, तर दिवा पेटणार नाही. तो विझतच राहील, रात्रभर, त्याच एका फुंकरीने.