तमिळ नाती शिकायची तर मराठीतून शिका

चेन्नईला जॉबसाठी आले तेव्हा ऑफिसात इंग्रजीवर भागायचं, पण घरमालकीणबाईंकडे सणाला जेवायला गेलं की कोण कुणाचं कोण ते काही कळायचं नाही. त्यांच्या मुलीने ओळख करून दिली, हे मामा, आईचे भाऊ, आणि लगेच शेजारच्यांची, हे पण मामा, तर ते निघाले तिच्या आत्याचे मिस्टर! म्हणून नवीन येणाऱ्यांना सांगते, अंकल-आंटी लावून अर्थ पाठ करू नका, अर्धं त्यातच हरवतं.

आत्या म्हणजे अत्तै, बोलताना अत्ते. पण बऱ्याच घरांत मामीसुद्धा अत्ते आणि सासूसुद्धा अत्तेच, सासरे मामा. कारण आते-मामे भावंडांची लग्नं तिथे पिढ्यान्‌पिढ्या होत आली, मग आत्याच सासू व्हायची. आपल्याकडेही मामाची मुलगी करतातच ना, आणि माझी आजी सासऱ्यांना मामंजी, सासूला आत्याबाई म्हणायची, ते आठवलं आणि सगळा गुंता सुटला.

मावशीला मात्र वेगळा शब्दच नाही, ती आईच. आईपेक्षा मोठी असेल तर पेरियम्मा म्हणजे मोठी आई, धाकटी असेल तर चित्ती म्हणजे छोटी आई, बरेच जण सित्ती म्हणतात. वडलांचे मोठे भाऊ पेरियप्पा, धाकटे चित्तप्पा, आणि त्यांच्या बायका परत पेरियम्मा नि चित्ती. 2020 मध्ये अमेरिकेच्या कमला हॅरिसनी (त्यांची आई तमिळ) उपराष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी स्वीकारताना भाषणात आपल्या चित्तींची आठवण काढली, त्या ह्याच, आईच्या धाकट्या बहिणी. मग चुलत-मावस भावंडंही सख्ख्यासारखीच, मोठी असतील तर अण्णा, अक्का, धाकटी तंबी, तंगच्ची. आते-मामे भाऊ मात्र जुन्या हिशोबाने अण्णा नाही, तो अत्तान किंवा मच्चान, आणि मच्चान म्हणजे मेहुणापण. कॉलेजची पोरं मित्रालाही मच्चान म्हणतात, तेव्हा नातं शोधत बसू नका.

रिक्षावाल्यांना अण्णा, भाजीवालीला अक्का बिनधास्त म्हणा.

अजून एक, माझी आई म्हणायला ते बहुतेकदा एंग अम्मा म्हणतात, म्हणजे आमची आई. नम्म म्हणजे आपली, ऐकणाऱ्यालाही धरून. आमचं-आपलं हा फरक आपल्या तोंडात आधीपासूनच आहे, हिंदीवाल्या मैत्रिणीला तोच समजावताना मला फार वेळ लागला.

आजीचं मात्र गावागणिक बदलतं, चेन्नईत पाट्टी, तिरुनेलवेलीकडे आच्ची, मदुरैकडे वडलांची आई अप्पत्ता. तिथे सरळ त्या घरातल्या नातवंडांनाच विचारा, तुम्ही काय म्हणता, आणि तेच म्हणा.