दगडी होऊन गेलेल्या म्हशीचा विमा कसा उतरवावा

म्हशीला दगडी (कासेचा दाह) झाली, एक सड कायमचं आटलं, की मग घरात विम्याची आठवण निघते. तोवर उशीर झालेला असतो. आधीपासूनचं दुखणं विमा कंपनी अंगावर घेत नाही. नव्या पॉलिसीच्या पहिल्या १५ दिवसांत लागलेला आजारही साधारणपणे धरत नाहीत. शिवाय हा विमा औषधपाण्याचा नव्हे, जनावर दगावलं तर भरपाई देणारा. तरी तो घ्यावाच. दगडी झालेली म्हैस उद्या साप चावून किंवा वीज पडूनही जाऊ शकते.

आधी आपल्या गावाच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात जा. डॉक्टरांना काही लपवू नका. कोणतं सड, कधी गेलं, आज तब्येत कशी आहे, हे विम्याच्या आरोग्य-दाखल्यातच लिहून घ्या. सड झाकून मिळणार काय? शवविच्छेदनाच्या वेळी कास दिसतेच. किंमतही तीन सडांच्या म्हशीचीच लावा. भरपाई बाजारभावाच्या वर जात नाही, मग फुगवलेल्या रकमेवर हप्ता कशाला भरायचा?

कानातल्या बिल्ल्याचा १२ अंकी नंबर पॉलिसीवर तसाच उतरलाय का, एकेक आकडा जुळवून बघा. बिल्ला पडला तर त्याच दिवशी कळवा, कारण बिल्ला नाही तर दावा नाही. लाळ्या-खुरकूत, घटसर्प, फऱ्या यांच्या लसींच्या नोंदी जपून ठेवा. लस टोचलेली नसेल तर त्या रोगांचा दावा अडतो.

आपल्याकडची, म्हणजे कर्नाटकातल्या मराठी सीमाभागातली, खरी अडचण कागदांची. दाखला कानडीत, पॉलिसी इंग्रजीत, आणि निपाणी-खानापूरकडचा गडी वाचतो मराठी. सही करण्याआधी 'काय धरलेलं नाही' तेवढा भाग तरी कुणाकडून वाचून घ्या. एजंटाचं "सगळं येतं हो" दाव्याच्या वेळी उपयोगी पडत नाही.

राष्ट्रीय पशुधन अभियानात २०२४ पासून पशुपालकाचा वाटा हप्त्याच्या १५ टक्के आहे. ती योजना चालू आहे का, हे दवाखान्यातच विचारा.

मुदत संपण्याआधी नूतनीकरण करा. खंड पडला तर मधल्या वर्षात आलेलं दुखणंही नव्या पॉलिसीत 'जुनं' ठरतं, आणि ते १५ दिवस पुन्हा सुरू होतात.

घरच्या कुत्र्याच्या पॉलिसीत उपचारखर्च मिळू शकतो, पण जुना आजार तिथेही वगळलेला असतो. माणसांच्या आरोग्य विम्यात तो जास्तीत जास्त ३६ महिन्यांनी धरावा लागतो. तो नियम कुत्र्यांना लावू नका.

म्हैस गेलीच तर पुरण्याआधी कंपनीला आणि डॉक्टरांना कळवा. दावा फेटाळला तर आधी कंपनीकडे लेखी तक्रार, मग विमा नियामकाच्या (IRDAI) १५५२५५ या हेल्पलाइनवर. तरी दाद लागली नाही तर विमा लोकपाल. कर्नाटकचा लोकपाल बेंगळुरूला बसतो. पॉलिसी कोल्हापूरच्या शाखेतून घेतली असेल तर पुण्याचाही रस्ता मोकळा असतो.