कोऱ्या नकाशावर पर्वतरांगा भरताना
आधी पेन्सिलीने ६० अंश पूर्व रेखावृत्त पुसट आखा. रशियातला उरल जवळजवळ त्याच्यावरच उभा बसतो. अँडीज सोपा: व्हेनेझुएलापासून पार दक्षिण टोकापर्यंत, सुमारे ७,००० किमी, पश्चिम किनाऱ्याला चिकटून. तीच सवय उत्तर अमेरिकेतल्या रॉकीजला लावली की गुण गेले. तिथे किनाऱ्याकडे कास्केड आणि सिएरा नेवाडा या वेगळ्या रांगा आहेत. रॉकीजची पूर्वेकडची कड डेन्व्हर शहराच्या लगेच पश्चिमेला येते.

हिमालय पट्टीने ओढू नका. पश्चिम टोकाला नंगा पर्वत शिखराजवळ सिंधूचं वळण, पूर्व टोकाला नामचा बरवा शिखराजवळ ब्रह्मपुत्रेचं. दोन्हीकडे ठिपके द्या, मग दक्षिणेकडे फुगलेली कमान काढा. के-२ शिखर तिच्यात नको, ते सिंधूच्या उत्तरेला, काराकोरम रांगेत.

ॲटलास मोरोक्को ते ट्युनिशिया, आल्प्स इटलीच्या डोक्यावर. नावं शेवटी, रांगेच्या दिशेनेच लिहा.